पिएर द ब्राझा : एका शोधप्रवाशाचा परतीचा प्रवास



आज आधी एक काम करा. आफ्रिका खंडाचा नकाशा उघडा आणि मध्यभागी काँगो नदी शोधा. सापडली? आता या नदीच्या काठावर बोट ठेवा. इथे एक गंमत दिसेल. नदीच्या दोन काठांवर दोन वेगवेगळ्या देशांच्या राजधान्या समोरासमोर उभ्या आहेत. एका काठावर किन्शासा आणि समोरच्या काठावर ब्राझाव्हिल. मधे फक्त नदीचे पात्र!

किन्शासा हे नाव तिथले, आफ्रिकेतलेच आहे. पूर्वी या शहराला लिओपोल्डव्हिल म्हणत. लिओपोल्ड हा बेल्जियमचा राजा. देश स्वतंत्र झाल्यावर १९६६ साली लोकांनी त्याचे नाव पुसून टाकले. पण समोरच्या काठावरचे ब्राझाव्हिल मात्र तसेच राहिले. हा देश १९६० साली फ्रान्सपासून स्वतंत्र झाला, तरी राजधानीला आजही एका युरोपियन माणसाचेच नाव आहे.

कोण होता हा माणूस? त्याचे नाव पिएर साव्होर्न्यां द ब्राझा. तो फ्रेंच नौदलातला अधिकारी होता, नंतर शोधप्रवासी झाला आणि पुढे एका मोठ्या वसाहतीचा प्रमुख झाला. त्याचे चरित्र वाचताना कौतुकही वाटते आणि मनात प्रश्नही उभे राहतात. दोन्ही गोष्टी आज आपण बघू.

जन्म आणि बालपण

ब्राझा जन्माने फ्रेंच नव्हता, बरं का! त्याचा जन्म २६ जानेवारी १८५२ रोजी रोम येथे झाला. त्याचे मूळ नाव पिएत्रो. त्याचे वडील आस्कानिओ हे इटलीच्या ईशान्य भागातील फ्रिउली प्रांतातील एका जुन्या उमराव घराण्यातले. त्यांना कलेची आणि प्रवासाची आवड होती. घर भरलेले होते. भावंडे पुष्कळ. पिएत्रो हा त्यांचा सातवा मुलगा.

लहानपणापासून त्याला वेड होते ते नकाशांचे. त्या काळी युरोपात छापल्या जाणाऱ्या आफ्रिकेच्या नकाशात किनाऱ्याची रेघ स्पष्ट असे, पण आतला बराचसा भाग कोरा असे. याचा अर्थ तिथे काही नव्हते असा नाही. तिथे गावे होती, बाजार होते, राजे होते, नदीतून व्यापार चालत होता. फक्त युरोपातल्या लोकांना त्याची माहिती नव्हती. नकाशातली कोरी जागा ही नकाशा काढणाऱ्याच्या माहितीतली कोरी जागा असते, हे लक्षात ठेवा.

या मुलाला समुद्राची ओढ होती. पण इटलीचे नौदल तेव्हा नवे होते. त्याच सुमारास लुई द मोंतेन्याक या फ्रेंच नौदल अधिकाऱ्याशी त्याची ओळख झाली. त्यांच्या मदतीने तो फ्रान्सला शिकायला गेला आणि १८६८ साली ब्रेस्ट येथील नौदल विद्यालयात दाखल झाला. वय अवघे सोळा. परका देश, परकी भाषा आणि बोलण्यात इटालियन हेल.

नौदलातील दिवस

१८७० साली तो शिक्षण संपवून बाहेर पडला आणि त्याच वर्षी फ्रान्स व प्रशिया यांच्यात युद्ध पेटले. त्यात त्याने नौदलात काम केले. पुढच्या वर्षी त्याला अल्जेरियाच्या किनाऱ्यावर जावे लागले. तिथे काबिल लोकांनी फ्रेंच सत्तेविरुद्ध उठाव केला होता आणि फ्रेंच फौजा तो कठोरपणे मोडून काढत होत्या. वीस वर्षांच्या आतल्या या तरुणाने वसाहतीची सत्ता म्हणजे काय असते ते तिथे डोळ्यांनी पाहिले. ते त्याला रुचले नाही.

नंतर त्याची नेमणूक व्हीनस नावाच्या जहाजावर झाली. हे जहाज आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर फिरत असे. गुलामांच्या चोरट्या व्यापारावर नजर ठेवणे हे त्याचे एक काम. जहाज गॅबनच्या किनाऱ्याला लागले की ब्राझा आजूबाजूच्या नद्यांतून होडीने आत जाई, तिथल्या लोकांशी बोले. तिथेच त्याला ओगोवे नदीने भुरळ घातली. एवढे पाणी येते कुठून? ही नदी आफ्रिकेच्या पोटात किती खोल जाते? या नदीने वर गेलो तर मधल्या मोठ्या नदीपर्यंत वाट सापडेल का? हे प्रश्न त्याला गप्प बसू देईनात.

१८७४ साली त्याने नौदल खात्याकडे मोहिमेची परवानगी मागितली. त्याचे नशीब असे, की त्याला फ्रान्सला आणणारे मोंतेन्याकच तेव्हा नौदलमंत्री झाले होते. परवानगी मिळाली. त्याच वर्षी त्याने फ्रान्सचे नागरिकत्व घेतले. पिएत्रोचा पिएर झाला. सरकारने दिलेला पैसा अपुरा होता, म्हणून त्याने घरच्या संपत्तीतून भर घातली.

पहिली मोहीम (१८७५ ते १८७८)

१८७५ साली ब्राझा निघाला. बरोबर नोएल बाले हे डॉक्टर, आल्फ्रेड मार्श हे निसर्ग अभ्यासक, एक फ्रेंच खलाशी आणि सेनेगलचे बारा-तेरा शिपाई. शिवाय वाटेत लागणारे होडीवाले आणि हमाल. सामानात बंदुका होत्याच, पण त्याहून जास्त होते कापड, मीठ, मणी आणि पितळी तारा. तिथे पैसा चालत नव्हता. होडीवाल्याची मजुरी असो की जेवणाचा कंद असो, सगळा व्यवहार वस्तूंनी. रात्री गावकऱ्यांना जमवून तो आतषबाजीही दाखवायचा.

ओगोवे नदी काही सोपी नाही. जागोजागी खडक आणि धबधबे. होड्या उलटत, सामान वाहून जाई. एका टोळीच्या हद्दीतून दुसऱ्या टोळीच्या हद्दीत जायचे तर आधी दिवसेंदिवस बोलणी. ब्राझाचा स्वभाव इथे उपयोगी पडला. तो घाई करत नसे. गावात जाऊन बसे, मुखियाचे म्हणणे ऐके, तिथले शब्द शिके. हमाल मिळाले नाहीत तर महिना महिना थांबे. त्याच काळातले काही प्रवासी गाव अडवू लागले की गोळीबार करत पुढे जात. ब्राझाने ही रीत टाळायची ठरवली होती.

या भागात गुलामांची खरेदी-विक्री चाले. ब्राझाने काही गुलाम विकत घेऊन त्यांना मोकळे केले. आपल्या छावणीत फ्रेंच झेंडा उभारून, जो गुलाम या झेंड्याला हात लावेल तो मोकळा झाला, असे त्याने जाहीर केल्याचीही हकिकत आहे. ही गोष्ट पुढे फ्रान्समध्ये फार गाजली.

दोन वर्षांच्या खटपटीनंतर कळले काय, तर ओगोवे नदी फार आतपर्यंत जातच नाही! पूबाराच्या धबधब्याजवळ ती लहान होते आणि दक्षिणेकडे वळते. ज्यासाठी एवढा आटापिटा केला ती वाटच नव्हती. दुसरा कोणी असता तर परत फिरला असता. ब्राझा नदी सोडून पायी पूर्वेकडे निघाला. पठार ओलांडल्यावर त्याला आलिमा नावाची नदी लागली. ती पूर्वेकडे वाहत होती.

पण १८७८ साली आलिमा नदीवर बोबांगी लोकांनी होड्यांतून येऊन त्याच्या तुकडीवर हल्ला केला. दोन्हीकडून गोळ्या सुटल्या. ब्राझाकडे काडतुसे थोडी उरली होती. रात्रीच्या अंधारात दलदल तुडवत त्याला मागे फिरावे लागले.

बोबांगी लोक एवढे का चिडले होते? त्याची दोन कारणे होती. एक, नदीवरचा व्यापार त्यांच्या हातात होता आणि तो त्यांना जपायचा होता. आणि दुसरे कारण ब्राझाला परत गेल्यावर कळले. आदल्याच वर्षी, १८७७ मध्ये, हेन्री स्टॅनली हा प्रवासी काँगो नदीतून वरून खाली समुद्रापर्यंत गेला होता आणि वाटेत काठावरच्या लोकांशी लढाया करत गेला होता. गोऱ्या माणसाची ती आठवण ताजी होती. आलिमा पुढे काँगोलाच मिळते. म्हणजे एकाने चालवलेल्या बंदुकीचा राग दुसऱ्याला सोसावा लागला.

दुसरी मोहीम आणि माकोकोशी करार

स्टॅनली आता बेल्जियमचा राजा लिओपोल्ड याच्यासाठी काम करू लागला होता. काँगोचे खोरे आपल्या हातात यावे अशी लिओपोल्डची इच्छा. ब्राझाला याचा सुगावा लागला. १८७९ च्या अखेरीस तो पुन्हा आफ्रिकेला निघाला. ही शर्यत होती.

१८८० च्या जून महिन्यात त्याने ओगोवेच्या वरच्या भागात एक ठाणे वसवले. त्याचे पुढे फ्रान्सव्हिल शहर झाले. तिथून तो तेके लोकांच्या पठारावर गेला. तेके लोकांच्या राजाला माकोको म्हणत. माकोको हे नाव नाही, पदवी आहे. तेव्हाच्या माकोकोचे नाव होते इलोओ. त्याचा मान मोठा होता आणि काँगो नदीकाठचे अनेक मुखिये त्याला मानत.

माकोकोने पाहुण्याचे स्वागत केले. हा गोरा माणूस लढत येत नाही, ही वार्ता त्याच्यापर्यंत आधीच पोचली होती. ब्राझा त्याच्याकडे बरेच दिवस राहिला. गप्पा झाल्या, भेटी दिल्या-घेतल्या गेल्या. शेवटी १० सप्टेंबर १८८० रोजी करार झाला. या करारानुसार माकोकोने आपला मुलुख फ्रान्सच्या संरक्षणाखाली दिला आणि नदीकाठी ठाण्यासाठी जागा दिली. नंतर नदीकाठच्या मुखियांशी तह झाला. त्यात एक खड्डा खणून काडतुसे आणि गोळ्या पुरल्या आणि त्यावर झाड लावले. या झाडाला गोळ्यांचे फळ येईपर्यंत युद्ध होऊ नये, असा त्याचा अर्थ.

एक थेंबही रक्त न सांडता एवढा मोठा मुलुख! फ्रान्समध्ये याचे केवढे कौतुक झाले. पण मित्रांनो, इथे थोडे थांबा आणि विचार करा. करार फ्रेंच भाषेत होता. माकोकोला फ्रेंच येत नव्हते. तेके लोकांत जमीन ही पूर्वजांची. राजा तिचा राखणदार. ती विकता येत नाही की देऊन टाकता येत नाही. माकोकोच्या दृष्टीने त्याने एका बलवान मित्राला आपल्या शेजारी जागा दिली होती. तो मित्र व्यापार आणणार होता, संकटात पाठीशी राहणार होता. पॅरिसमधल्या मंत्र्यांनी मात्र तोच कागद वाचला आणि म्हणाले, हा प्रदेश आता आपला. कागद एक, अर्थ दोन. पुढे चालला तो ज्याच्याकडे तोफा होत्या त्याचा अर्थ.

सार्जंट मालामीन

नदीकाठी मिळालेल्या जागेवर ब्राझाने ठाणे उभारले. तिथे त्याने कोणाला ठेवले माहीत आहे? मालामीन कामारा नावाचा सेनेगलचा सार्जंट आणि त्याच्याबरोबर अवघे दोन शिपाई. हाताशी पैसा नाही, मदतीची खात्री नाही. ब्राझा किनाऱ्याकडे निघून गेला.

मालामीनने काय केले? तो रानरेड्यांची शिकार करायचा आणि मांस आसपासच्या गावांत वाटायचा. तो तिथली भाषा शिकला. लोकांचे त्याच्याशी चांगले जमले. जुलै १८८१ मध्ये स्टॅनली आपला मोठा लवाजमा घेऊन तिथे आला. पाहतो तर काय, नदीच्या उत्तर काठावर फ्रेंच झेंडा! एक आफ्रिकन सार्जंट पुढे आला आणि त्याने कराराचा कागद दाखवला. गावकऱ्यांनीही स्टॅनलीला दाद दिली नाही. त्याला पलीकडच्या काठावर जावे लागले. त्या काठावर त्याने लिओपोल्डव्हिल वसवले.

म्हणजे नकाशात तुम्ही सुरुवातीला पाहिलेली ती दोन समोरासमोरची शहरे अशी तयार झाली. ब्राझाव्हिलचे श्रेय एकट्या ब्राझाचे नाही. त्यात मालामीनचा वाटा फार मोठा. पण शहराला नाव ब्राझाचे मिळाले आणि मालामीन काही वर्षांतच मरण पावला. मोठ्या माणसाचे चरित्र वाचताना त्याच्या मागे उभे असलेले असे लोकही शोधायची सवय लावून घ्या.

दोन प्रवासी, दोन पद्धती

किनाऱ्याकडे जाताना नोव्हेंबर १८८० मध्ये ब्राझाची आणि स्टॅनलीची गाठ पडली होती. स्टॅनली तेव्हा सुरुंग लावून खडक फोडत रस्ता करत होता. खडक फोडणारा या अर्थाने तिथले लोक त्याला बुला मातारी म्हणत. त्याच्याकडे माणसे होती, यंत्रे होती, बोटीचे सुटे भाग होते. ब्राझाचे कपडे फाटलेले, जोडे झिजलेले, सोबत मूठभर माणसे. त्याने खिशातल्या कराराबद्दल अवाक्षर काढले नाही! स्टॅनलीला ते नंतर समजले तेव्हा तो भयंकर चिडला.

१८८२ साली पॅरिसमध्ये एका मेजवानीत स्टॅनलीने भाषण करून ब्राझाची आणि त्याच्या कराराची टर उडवली. ब्राझा स्वतः तिथे जाऊन उभा राहिला आणि रागावण्याऐवजी स्टॅनलीच्या कामाला शुभेच्छा देऊन आला. लोक ब्राझावर खूश झाले. वर्तमानपत्रांत त्याची चित्रे छापून आली. नोव्हेंबर १८८२ मध्ये फ्रेंच संसदेने माकोकोच्या कराराला मंजुरी दिली. १८८४ साली ब्राझा मंजूर झालेला करार घेऊन माकोकोकडे पुन्हा गेला.

त्याच वर्षाच्या अखेरीस जर्मनीत बर्लिन परिषद भरली. युरोपातल्या सत्तांनी तिथे आफ्रिकेतल्या वाटण्यांचे नियम ठरवले. काँगो नदीच्या उत्तरेचा मुलुख फ्रान्सकडे गेला, पलीकडचा अफाट प्रदेश लिओपोल्डकडे. ज्यांच्या जमिनी होत्या त्या आफ्रिकेतल्या माणसांपैकी कोणालाही या परिषदेत खुर्ची नव्हती.

वसाहतीचा प्रमुख

१८८६ साली ब्राझाला फ्रेंच काँगोचा प्रमुख नेमले गेले. प्रवास करणे वेगळे आणि राज्य चालवणे वेगळे. पॅरिसहून पैसा फार थोडा येई. ब्राझाला हिशेबाची आवडही नव्हती. तो ठाण्यात बसण्याऐवजी नवे प्रदेश पाहायला निघून जाई. नवी ठाणी उभी राहत होती आणि तिजोरी रिकामी होत होती.

आणखी एक प्रश्न होता. समुद्रकिनाऱ्यावरून ब्राझाव्हिलपर्यंत रेल्वे नव्हती, चाकाच्या गाडीचा रस्ता नव्हता. प्रत्येक पेटी, प्रत्येक पोते माणसाच्या डोक्यावरून जाई. सुरुवातीला हमाल मजुरीसाठी आपण होऊन येत. पण ओझी वाढत गेली आणि हळूहळू त्याची वेठबिगारी झाली. १८९६ साली कॅप्टन मार्शां याची लष्करी मोहीम नाईल नदीकडे जाण्यासाठी इथून निघाली. तिचे हजारो बोजे वाहायला लोक तयार होईनात, गावे ओस पडू लागली, उठाव झाले. तेव्हा फौजेने बळ वापरले. हे सगळे ब्राझा प्रमुख असताना घडले, हे विसरून चालणार नाही.

मार्शांच्या लोकांनी उशिराचा ठपका ब्राझावर ठेवला. त्याच्यावर वर्तमानपत्रांतून टीकाही झाली. तो लोकांशी फार मऊ वागतो, वसाहतीतून काही कमाई करून देत नाही, अशी तक्रार होती. जानेवारी १८९८ मध्ये त्याला पदावरून काढले. ज्या देशासाठी त्याने घरचा पैसा आणि तारुण्य घालवले, त्या देशाने त्याला निरोपही नीट दिला नाही. १८९५ साली तेरेझ द शांब्रां हिच्याशी त्याचा विवाह झाला होता. आता तो पत्नी आणि मुलांसह अल्जिअर्स येथे राहू लागला. तिथे त्यांचा थोरला मुलगा लहानपणीच वारला. तापाने आणि आमांशाने ब्राझाची तब्येतही पोखरली होती.

शेवटचा प्रवास (१९०५)

गोष्ट इथे संपली असती तर ब्राझा हा इतर प्रवाशांसारखाच एक प्रवासी ठरला असता. पण खरी परीक्षा पुढे होती.

तो गेल्यावर १८९९ साली फ्रेंच सरकारने काँगोचा बहुतेक मुलुख चाळीस खासगी कंपन्यांना तीस वर्षांसाठी वाटून दिला. जंगलातले रबर आणि हस्तिदंत आता कंपनीचे. ज्या जंगलात लोक पिढ्यान्‌पिढ्या राहत होते, तिथला रबराचा चीकही त्यांचा राहिला नाही. वर सरकारने माणशी कर बसवला. लोकांकडे पैसा नव्हता, मग कर रबराच्या रूपात वसूल होऊ लागला. पुरुष घाबरून रानात पळाले की शिपाई त्यांच्या बायका-मुलांना धरून ओलीस ठेवत.

१९०३ साली फोर क्रँपेल या ठाण्यावर दोन फ्रेंच अधिकाऱ्यांच्या हाताखाली एका आफ्रिकन कैद्याला सुरुंगाच्या दारूने उडवून मारण्यात आले. त्या कैद्याचे नाव पाक्पा. दिवस होता १४ जुलै, फ्रान्सचा राष्ट्रीय दिन! ही बातमी फ्रान्समध्ये पोचली तेव्हा खळबळ उडाली. लिओपोल्डच्या काँगोतील अत्याचारांवर युरोपभर टीका चालू होती. आपलेही नाव त्यात येईल अशी फ्रेंच सरकारला भीती वाटली. चौकशी करायला कोणाला पाठवावे? ज्याच्या शब्दावर लोकांचा विश्वास बसेल असा एकच माणूस होता.

ब्राझा तेव्हा ५३ वर्षांचा होता आणि आजारी होता. त्याला नाही म्हणता आले असते. तो हो म्हणाला. ५ एप्रिल १९०५ रोजी तो मार्सेय बंदरातून निघाला. तेरेझही सोबत गेली. चौकशी पथकात फेलिसियां शालाय्ये नावाचे एक तरुण प्राध्यापकही होते. त्यांनी पुढे या प्रवासाबद्दल वर्तमानपत्रात लिहिले.

सरकारची अपेक्षा काय होती? दोन-चार वाईट अधिकाऱ्यांचा दोष आहे, व्यवस्था चांगली आहे, असे त्याने येऊन सांगावे. ब्राझा ब्राझाव्हिलला पोचला. तिथून होडीने उबांगी नदीवर बांगीपर्यंत आणि पुढे पायवाटेने ठाण्यांपर्यंत गेला. त्याने जुन्या ओळखीच्या लोकांना बोलते केले. कागदपत्रे मागवली. अधिकारी टाळाटाळ करत होते, माहिती लपवत होते. त्याला कळले की १९०४ साली पन्नासहून अधिक बायका आणि त्यांची मुले ओलीस म्हणून बांगीला आणली गेली होती आणि एका बंद, कोंदट खोलीत कोंडली होती. काही आठवड्यांत त्यातल्या बहुतेक जणी उपासमारीने आणि गुदमरून मेल्या.

जिथे त्याने गोळ्या पुरून झाड लावले होते, त्या मुलुखाचे हे झाले होते. आणि हा मुलुख फ्रान्सला मिळवून कोणी दिला होता? त्यानेच. ब्राझा हे सगळे एकदोघांचे दुष्कृत्य म्हणून सोडून देऊ शकला नाही. रबराचा कर, कंपन्यांची मक्तेदारी, ओलीस ठेवण्याची पद्धत, ही व्यवस्थाच अत्याचार घडवते आहे, असा त्याच्या चौकशीचा निष्कर्ष होता.

काम संपेपर्यंत शरीराने साथ सोडली. ऑगस्टच्या अखेरीस तो परत निघाला तेव्हा त्याला चालता येत नव्हते. डाकर बंदरात त्याला जहाजावरून उतरवून रुग्णालयात न्यावे लागले. तिथेच १४ सप्टेंबर १९०५ रोजी त्याचा मृत्यू झाला.

अहवालाचे काय झाले?

३ ऑक्टोबर १९०५ रोजी पॅरिसमध्ये सरकारी इतमामात अंत्ययात्रा निघाली. मंत्र्यांनी मोठी भाषणे केली. मग त्याने आणलेल्या कागदांवरून एका समितीने अहवाल तयार केला. १९०७ साली त्याच्या अवघ्या दहा प्रती छापल्या आणि कुलपात ठेवल्या. जनतेला तो वाचायला मिळालाच नाही. कंपन्यांचा कारभार पुढे चालू राहिला.

हा अहवाल कित्येक दशके अभिलेखागारात पडून राहिला. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इतिहास संशोधकांना त्याची प्रत सापडली आणि २०१४ साली तो पुस्तकरूपाने छापला गेला. शंभराहून अधिक वर्षांनी! पण छापला गेला. कुलूप किती वर्षे टिकले ते बघा, आणि शेवटी उघडलेच, हेही बघा.

ब्राझाचे दफन आधी पॅरिसला झाले होते. पण ज्या सरकारने अहवाल दडपला त्याच्या राजधानीत आपल्या पतीने राहू नये, असे तेरेझला वाटले. तिने त्याचे अवशेष अल्जिअर्सला नेले. २००६ साली काँगोच्या सरकारने ते ब्राझाव्हिलला आणून संगमरवरी स्मारकात ठेवले. त्यावरही वाद झालाच. काही जण म्हणाले, हा आमच्या शहराचा संस्थापक. दुसरे म्हणाले, आपला देश परक्यांच्या ताब्यात देणाऱ्याचे एवढे खर्चिक स्मारक कशाला, आधी लोकांना पाणी आणि दवाखाने द्या. दोघांचेही म्हणणे ऐकण्यासारखे आहे.

आपण काय घ्यायचे?

मित्रांनो, ब्राझा देवमाणूस होता असे मी तुम्हाला सांगणार नाही. तो गोड बोलून गेला, मारून गेला नाही, हे खरे. पण त्याच्या गोड बोलण्यानेच वसाहतीचे दार उघडले आणि त्या दारातून पुढे कंपन्या आत शिरल्या. चांगल्या मनाने केलेल्या कामाचेही परिणाम वाईट होऊ शकतात, कारण काम आपण करतो आणि त्याचा वापर दुसरे करतात.

मग त्याचा मोठेपणा कशात? तो परत गेला, यात. सगळे आयुष्य ज्या कामाच्या अभिमानावर उभे होते, त्या कामाचे काय झाले ते पाहायला तो आजारी शरीराने गेला. पाहिलेले लपवले नाही. स्वतःच्या सरकारला आवडणार नाही ते लिहून ठेवले. नदीचा उगम शोधायला धाडस लागते, पण आपणच लावलेल्या झाडाला काय फळ आले हे जाऊन बघायला त्याहून जास्त धाडस लागते.

स्वाध्याय

१. आफ्रिकेच्या नकाशात ओगोवे, आलिमा, उबांगी आणि काँगो या नद्या दाखवा. ब्राझाव्हिल, किन्शासा, फ्रान्सव्हिल, बांगी आणि डाकर ही शहरे शोधा.

२. माकोकोशी झालेल्या कराराचा अर्थ दोन्ही बाजूंनी कसा वेगळा लावला, ते तुमच्या शब्दांत लिहा.

३. ब्राझाव्हिल शहर उभे राहण्यात मालामीन कामारा यांचा वाटा कोणता?

४. १९०७ साली अहवाल लोकांपुढे आला असता तर काय बदलले असते असे तुम्हाला वाटते? वर्गात चर्चा करा.

५. ब्राझाव्हिलचे नाव बदलावे की ठेवावे? तुमचे मत आणि त्यामागची दोन कारणे लिहा.